वाफ वेगळी, तो पांढरा लोट वेगळा

समुद्रसपाटीला पाणी 100 अंश सेल्सिअसला उकळतं आणि त्याची वाफ होते, हे शाळेत झालंय सगळ्यांचं, त्यात शिरत नाही. डोकं उठतं ते पुढच्या घोळाने. आकृतीत केटलीतून निघणारा पांढरा लोट दाखवायचा, त्यावर बाण काढायचा आणि लिहायचं ‘पाण्याची वायुरूप अवस्था’. अहो, तो वायू नाहीचे! ते पाणीच आहे, द्रव, फक्त थेंब इतके बारीक की हवेत तरंगतात. म्हणजे धुकंच.

खरी वाफ हवेसारखी पारदर्शक, दिसतच नाही. पाणी खळखळून उकळत असताना केटलीच्या चोचीकडे बघा (लांबूनच). चोचीला लागून थोडी जागा रिकामी वाटते आणि पांढरं त्याच्या पुढे सुरू होतं. ती रिकामी जागा म्हणजे वाफ! पुढे गार हवेत मिसळली की तिचे थेंब होतात, थेंबांवरून उजेड चहूकडे विखुरतो म्हणून पांढरं दिसतं, आणि अजून वर गेलं की थेंब सुकून परत गडप.

गॅस बंद केल्या केल्या भसकन पांढरं वाढतं, तेव्हा लोकांना वाटतं वाफ वाढली. उलट कमी झालेली असते. ज्योतीची गरम हवा भांड्याच्या कडेने वर येऊन थेंब होऊ देत नव्हती, ती थांबली, एवढंच.

आणि हा नुसता शब्दांचा कीस नाही हं. 1 ग्रॅम पाणी 0 वरून 100 अंशांवर न्यायला 100 कॅलरी लागतात, पण 100 अंशांच्या 1 ग्रॅम वाफेचं नुसतं पाणी होतानाच सुमारे 540 कॅलरी बाहेर पडतात, त्या तुमच्या बोटावर. म्हणून जिथे काहीच दिसत नाही तिथला चटका सगळ्यात वाईट.

बोलताना दोन्हीला वाफ म्हणा, मीही म्हणतो. आकृतीत मात्र नको.

फ्रीझर उघडल्यावर खाली ओघळतं तेही धुकंच, खोलीतल्या हवेतली वाफ गारठून झालेलं. आणि अल्ट्रासॉनिक ह्युमिडिफायरवाल्यांनी (खोलीतली हवा दमट करणारं यंत्र) तर ‘वाफ’ हा शब्द काढूच नये, त्यात पाणी तापतच नाही, आतली चकती थरथरून थेंब उडवते. हात धरून बघा, गार लागतं.