रास्प, फ्रिट्झ

(१३ मे १८९१ – ३० नोव्हेंबर १९७६). जर्मन चरित्र अभिनेता. जन्म बायरॉइट येथे. दोन महायुद्धांच्या दरम्यान बर्लिनच्या दिग्दर्शकांना हेर, ठग किंवा गोडबोल्या लुच्चा हवा असला की रास्पला बोलावणे जाई. फ्रिट्झ लांग आणि गे. व्हि. पाब्स्ट या दोघांच्याही चित्रपटांत तो वरचेवर दिसतो, नायक म्हणून मात्र नाही.

सुरुवात म्युनिकच्या रंगभूमीवर झाली. पुढे बर्लिनमध्ये नाट्यदिग्दर्शक माक्स राइनहार्टच्या डॉइचेस थिएटरमध्ये काम मिळाले. त्या काळच्या बहुतेक दुय्यम नटांचा हाच रस्ता होता: दिवसा स्टुडिओ, संध्याकाळी नाटक.

उंच शिडशिडीत बांधा, पातळ ओठ, चापून बसवलेले केस हे त्याचे भांडवल. मूकपटातले खलनायक डोळे गरागरा फिरवत. रास्प चेहरा जवळजवळ स्थिर ठेवी आणि नजर तेवढी हलवी. जवळून घेतलेल्या दृश्यात त्याचा परिणाम जास्त होई. पाब्स्टच्या ‘डी लीबे डेर जान नाय’मधला (१९२७) खालिबिएफ पैशासाठी आंधळ्या मुलीशी लग्न ठरवतो आणि त्याच वेळी नायिकेवरही डोळा ठेवतो. ‘टागेबुख आइनर फेर्लोरेनेन’मध्ये (१९२९) औषधांच्या दुकानातला मदतनीस मालकाच्या मुलीला, म्हणजे लुईझ ब्रूक्सला, नादी लावतो. लांगच्या ‘फ्राउ इम मोन्ड’मध्ये (१९२९) तर कथेचा शेवटच त्याच्यामुळे घडतो: चंद्रावरच्या झटापटीत प्राणवायूच्या टाक्या निकामी होतात, पृथ्वीवर परतायला सगळ्यांना पुरेल इतका साठा उरत नाही आणि कोणीतरी मागे राहणे भाग पडते.

बोलपट आल्यावर अनेक मूकपट-नट मागे पडले. रास्पकडे रंगभूमीवर घडलेला आवाज असल्याने तो तरला. अडचण वेगळीच होती. मूकपटातल्या संवादांच्या लेखी पाट्या बदलल्या की तो कोणत्याही देशात चाले. आता एकाच सेटवर दुसऱ्या भाषेची आवृत्ती वेगळ्या नटांना घेऊन चित्रित होऊ लागली. ‘डी ड्रायग्रोशनओपर’च्या (१९३१) जर्मन आवृत्तीत भिकाऱ्यांचा धनी पीचम रास्पने केला, फ्रेंच आवृत्तीत गास्तों मोदोने. (पु. ल. देशपांडे यांच्या ‘तीन पैशाचा तमाशा’मुळे मराठी वाचकाला हे कथानक परके नाही.) त्याच वर्षीच्या ‘एमिल उंड डी डेटेक्टिव्हे’मध्ये आगगाडीत पोराला गुंगीची गोळी चारून पैसे लांबवणारा ग्रुंडआइस हाही तोच. विनोदी आणि भीतिदायक यांचे इतके नेमके मिश्रण त्याला पुन्हा क्वचितच जमले.

दुय्यम नटाचा खरा शत्रू कात्री. चित्रपट लांबला की आधी उपकथानक जाते आणि त्यातला नटही. लांगचा ‘मेट्रोपोलिस’ १० जानेवारी १९२७ रोजी बर्लिनमध्ये प्रथम दाखवला गेला तेव्हा ४,१८९ मीटर लांब होता. त्याच वर्षी तो एक चतुर्थांशाच्या आसपास छाटला गेला. रास्प त्यात ‘डेर श्माले’ हा बिननावाचा, हडकुळा हेर होता. शहराच्या मालकाच्या मुलावर पाळत ठेवणे, मालकाने काढून टाकलेल्या योसाफाट या मदतनिसाचा पत्ता मिळवणे, त्याच्या घरी जाऊन आधी पैशाचे आमिष आणि मग धमकी, हा सगळा धागा छाटणीत गेला. कित्येक दशके प्रेक्षकांनी पाहिला तो ओझरता दिसणारा एक काळा कोट. २००८ मध्ये ब्वेनोस आइरेसच्या चित्रपट संग्रहालयात १६ मिमीची जवळजवळ पूर्ण प्रत सापडली आणि २०१० च्या आवृत्तीत सुमारे २५ मिनिटांची भर पडली. मूळ ३५ मिमी प्रतीवरचे ओरखडे न काढताच ती उतरवलेली होती, त्यामुळे ते चित्रातच पक्के बसले. शिवाय चौकटीच्या कडाही थोड्या कापल्या गेल्या. रास्पचे परत मिळालेले प्रसंग या ओरखड्यांवरूनच लगेच ओळखता येतात.

नाझी राजवटीतही तो जर्मनीतच काम करत राहिला. पाब्स्टच्या ‘पारासेल्सुस’मध्ये (१९४३) तो आहे. युद्धानंतर एडगर वॉलेसच्या रहस्यकथांवरील चित्रपटांनी, उदाहरणार्थ ‘डेर फ्रॉश मिट डेर मास्के’ (१९५९), त्याला पुन्हा संशयित म्हातारा केले. ‘लीना ब्राके’ (१९७५) या उतारवयातल्या चित्रपटात मात्र तो वृद्धाश्रमातल्या नायिकेचा साथीदार आहे.