बौठान आणि ठाकुरपो: एका नात्याची पार्श्वभूमी

बंगाली कथा-सिनेमात दीर-वहिनीचं प्रेम पुन्हा पुन्हा का येतं, हे कळायला आधी तिथलं जुनं घर पाहावं लागतं. एकोणिसाव्या शतकातल्या कोलकात्याच्या सुखवस्तू घरात नवरी नऊ-दहा वर्षांची यायची. नवरा बराच मोठा आणि कामात गढलेला. थोरल्या दिरासमोर तिनं डोक्यावरचा पदरही ढळू द्यायचा नाही. धाकट्याशी मात्र थट्टामस्करीला मुभा. तो ‘ठाकुरपो’, ती ‘बौठान’. अंतःपुरात येणारं बाहेरचं वारं बहुधा त्याच्याच पावलांनी यायचं.

कोलकात्यातल्या जोडासाँकोच्या ठाकूरवाड्यात, म्हणजे रवींद्रनाथ टागोरांच्या घरी, १८६८ साली त्यांचे थोरले भाऊ ज्योतिरिंद्रनाथ यांची वधू म्हणून कादंबरीदेवी आल्या, तेव्हा त्या नऊ वर्षांच्या होत्या आणि रवींद्रनाथ सात. पुढे त्याच त्यांच्या कवितांच्या पहिल्या वाचक झाल्या. डिसेंबर १८८३ मध्ये रवींद्रनाथांचं लग्न झालं. एप्रिल १८८४ मध्ये कादंबरीदेवींनी जीव दिला. घराण्यानं मौन पाळलं आणि त्या मौनावर पुढे कादंबऱ्या, चित्रपट उभे राहिले.

रवींद्रनाथांची ‘नष्टनीड’ ही दीर्घकथा १९०१ मध्ये ‘भारती’ मासिकातून आली. तिला नुसती आत्मकथेची किल्ली लावणं मला पटत नाही. नवरा भूपती आपल्या वर्तमानपत्रात बुडालेला, बायको चारू रिकामी आणि घरी राहून शिकणारा आतेदीर अमल. चारू-अमलचं जुळतं ते लिखाणावरून. दोघांपुरतं असलेलं लेखन अमल परस्पर छापायला देतो, तेव्हा चारूला पहिला घाव बसतो. शरीराचा प्रश्नच येत नाही! अमल विलायतेला गेल्यावर ती दागिने गहाण टाकून, उत्तराचे पैसे आधीच भरून त्याला तार करते. उत्तर पडतं नवऱ्याच्या हाती. शेवटी म्हैसूरला निघालेला भूपती तिलाही नेण्याबद्दल आधी कचरतो, मग ‘चल’ म्हणतो. तेव्हा ती म्हणते, ‘नको, राहू दे.’

सत्यजित राय यांनी याच कथेवरच्या १९६४ च्या ‘चारुलता’ चित्रपटात शेवट बदलला. नवरा-बायकोचे एकमेकांकडे निघालेले हात त्यांनी मध्येच गोठवले. दुर्बिणीतून रस्ता न्याहाळणारी माधवी मुखर्जींची चारूच आता बहुतेकांच्या डोळ्यांपुढे असते. १९६५ मध्ये बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात दिग्दर्शनाचं रौप्य अस्वल रायांना मिळालं.

याच साहित्यात आईसारखी वहिनीही आहे. शरच्चंद्र चट्टोपाध्यायांच्या ‘रामेर सुमति’ या कथेतली नारायणी धाकट्या दिराला पोटच्या पोरासारखं वाढवते. मामा वरेरकरांच्या अनुवादांमुळे मराठी घरांत शरच्चंद्र रुळले, त्यामुळे ही वहिनी आपल्याला परकी वाटत नाही.

पुढचा प्रवास उताराचा. २०१५ च्या ‘कादंबरी’ चित्रपटानं ठाकूरवाड्यातली कहाणी थेट नावानिशी मांडली. २०१७ मध्ये ‘होईचोई’ या बंगाली ओटीटी मंचावर आलेल्या ‘दुपूर ठाकुरपो’ या वेबमालिकेत बौदी, म्हणजे वहिनी, उरली ती भाडेकरू पोरांनी चोरून बघण्यापुरती. तिच्या हातात ना लेखणी, ना मासिक.