काळ्या-पांढऱ्या पडद्यावर ओढलेली साखर

लंडनच्या बर्मंडसी भागातल्या पीक फ्रीन बिस्किट कारखान्यात 1906 साली कॅमेरा शिरला. कारखान्याची जाहिरात म्हणून काढलेल्या अगदी सुरुवातीच्या चित्रपटांपैकी हा एक. पुढे गोळ्या-चॉकलेटवाल्यांनीही हाच रस्ता धरला. इंग्लंडच्या समुद्रकिनाऱ्यावर विकली जाणारी 'रॉक' नावाची साखरेची कांडी कशी बनते, हे ब्रिटिश पाथेच्या बातमीपटांनी चित्रपटगृहातल्या प्रेक्षकांना दाखवलं.

गोडाची जाहिरात करायची, आणि पडद्यावर ना वास, ना चव, ना रंग! तरी साखर ओढण्याचं दृश्य जणू अशा पडद्यासाठीच जन्मलं होतं. मला त्यात सगळ्यात सुंदर वाटतो तो पाकाचा गोळा पांढरा होत जाण्याचा क्षण.

चिक्कीचा पाक झाला का, हे आपण थेंब पाण्यात टाकून बघतो. कट्‌कन मोडला की झाला. गोळ्यांचा पाकही असाच सुमारे 150 अंश सेल्सिअसपर्यंत नेतात. पाणी जवळजवळ सगळं उडून जातं. मग तो पटकन थंड केला की साखरेच्या रेणूंना स्फटिकासारखं रांगेत बसायला सवड मिळत नाही, आणि हाती येते ती साखरेची काच. दाणे धरू नयेत म्हणून पाकात ग्लुकोज किंवा थोडं आम्ल घालतात.

ही काच पारदर्शक असते. ती मऊ असतानाच आकड्यावर टाकून ओढली, दुमडली, पुन्हा ओढली, की आत हवेचे बारीक बुडबुडे कोंडले जातात. प्रत्येक बुडबुड्यावर प्रकाश विखुरतो आणि गोळा रेशमासारखा पांढरा चमकू लागतो. रंग मुळीच न घालता! दर घडीला थर दुप्पट झाले, तर दहा घड्यांत 1024.

हाताने ओढणं फार कष्टाचं, म्हणून यंत्रं आली. अमेरिकेत अशा एका यंत्राच्या पेटंटचा वाद 1921 साली थेट सर्वोच्च न्यायालयात गेला.

रॉकच्या कांडीत या टोकापासून त्या टोकापर्यंत गावाचं नाव असतं. ही अक्षरं मात्र हातानेच रचतात. रंगीत पट्ट्या पांढऱ्या पट्ट्यांशेजारी लावून जाडजूड लोड तयार होतो आणि तो लाटत, ओढत नेतात. जाडी दहावा हिस्सा झाली की लांबी शंभरपट होते. कांडी कुठेही मोडा, त्याच गावाचं नाव त्याच जागी, फक्त बारीक अक्षरांत.