तीस दिवस उलटले म्हणजे सगळं संपलं?

‘एकतर्फी हुकूमनामा झाला, तीस दिवस गेले, आता विसरा’ हे पारावरचं ज्ञान अर्धवट आहे. एकतर्फी हुकूमनामा म्हणजे प्रतिवादी हजर नसताना दिवाणी कोर्टाने दिलेला निकाल. समन्स रीतसर बजावलंच नसेल, तर तो रद्द करून मागण्याची ३० दिवसांची मुदत निकालाच्या तारखेपासून नव्हे, तो कळल्यापासून मोजतात. त्यानंतरही मुदत कायदा, १९६३ च्या कलम ५ खाली विलंबमाफी मागता येते. पुरेसं कारण हवं, एवढंच. अर्थात माफी मिळाली म्हणजे निकाल फिरला, असं नाही. फक्त दार उघडलं. आणि सरकारी फायलींना यात खास सूट नाही बरं का! टपाल खात्याचा ४२७ दिवसांचा उशीर सर्वोच्च न्यायालयाने २०१२ साली माफ केला नव्हता.