जड रेकॉर्ड म्हणजे चांगला आवाज?

‘१८० ग्रॅमची नवी आवृत्ती जुन्या रेकॉर्डपेक्षा सरस वाजते’ हा समज बराच जुना आहे. जाड रेकॉर्ड हाताला भक्कम लागते, त्यामुळे तसं वाटणं साहजिक आहे. पण साधी रेकॉर्ड १२०-१४० ग्रॅमची असली, तरी सुई चालते ती खाच वजनाने बदलत नाही. आवाज ठरतो मूळ ध्वनिमुद्रणाच्या कोणत्या टेपवरून आणि कशी खाच कापली यावर. ‘द क्लॅश’ या ब्रिटिश बँडचा ‘लंडन कॉलिंग’ (१९७९) हा अल्बम सुमारे ६५ मिनिटांचा, दोन रेकॉर्डच्या मिळून चार बाजूंचा. म्हणजे एका बाजूला सरासरी १६ मिनिटं. खाचांना ऐसपैस जागा मिळते, आणि हा फायदा हलक्या रेकॉर्डलाही तितकाच.

तपासायचं असेल तर लेबलाभोवतीच्या कोऱ्या पट्ट्यावर कोरलेले क्रमांक तिरप्या उजेडात वाचा. दोन आवृत्त्यांचे क्रमांक वेगळे असतील तर खाचांचं कटिंगही बहुधा वेगळं. मग दोन्ही रेकॉर्ड सारख्याच आवाजात ऐका, कारण जरा मोठ्याने वाजणारी नेहमीच सरस भासते.