मायेची गरज विज्ञानाला कधी पटली?

माणसाला माणूस लागतो हे सांगायला प्रयोगशाळा कशाला, असं कुणीही म्हणेल. पण शंभर वर्षांपूर्वी अनेक तज्ज्ञांना ते मान्य नव्हतं. भावनांवर अभ्यास होत होता, नाही असं नाही. मानसशास्त्रज्ञ विल्यम जेम्स यांनी १८८४ मध्येच मांडलं होतं की आधी छाती धडधडते आणि ती धडधड जाणवणं हीच भीती. मात्र हा सगळा शोध एकट्या शरीराच्या आत चालला होता. समोरचा माणूस त्यात फारसा नव्हताच.

अमेरिकन मानसशास्त्रज्ञ जॉन वॉटसन यांनी तर १९२८ मध्ये पालकांना बजावलं की मुलांना कवटाळू नका, मांडीवर घेऊ नका. अगदीच राहवलं नाही तर झोपताना कपाळावर एक पापी, आणि सकाळी हस्तांदोलन! बाळाला आई हवी असते ती दुधापुरती, अशी समजूत होती.

या समजुतीला एक मोठा हादरा इंग्लंडमधल्या रुग्णालयांतून बसला. तिथे दाखल झालेल्या मुलांना आईवडिलांची भेट मोजूनमापून मिळे. मूल रडायचं थांबलं की 'रुळलं' म्हणायचे. ब्रिटिश मनोविकारतज्ज्ञ जॉन बोल्बी यांचे सहकारी जेम्स रॉबर्टसन यांना ते रुळणं वाटेना. त्यांनी आठ दिवसांसाठी दाखल झालेल्या दोन वर्षांच्या मुलीचं चित्रीकरण केलं. सोयीचे क्षण वेचले असा ठपका येऊ नये म्हणून वॉर्डातलं घड्याळही चित्रात घेतलं. १९५२ मध्ये हा चित्रपट पाहून बरेच डॉक्टर भडकले. तरी १९५९ मध्ये सरकारी समितीने पालकांना मुक्तपणे भेटू द्यावं अशी शिफारस केली.

दरम्यान अमेरिकन मानसशास्त्रज्ञ हॅरी हार्लो यांनी माकडांच्या पिल्लांपुढे दोन नकली आया ठेवल्या. एक तारेची, दुधाची बाटली असलेली. दुसरी मऊ कापडाची, पण दूध नसलेली. पिल्लं तारेच्या आईकडे पिण्यापुरती जात आणि उरलेला बराचसा वेळ कापडी आईला बिलगून असत. १९५८ मध्ये हार्लो यांनी हे निष्कर्ष मांडले आणि दुधाचा सिद्धांत मोडीत निघाला. पुढे ही पिल्लं मोठी झाली तेव्हा त्यांना कळपात धड वावरता येईना. हा प्रयोग क्रूर होता, यात मला तरी शंका नाही.

मोठ्यांची पाळी उशिरा आली. कॅलिफोर्नियातल्या अलामेडा परगण्यात सुमारे ७ हजार प्रौढांचा नऊ वर्षं मागोवा घेतला गेला. १९७९ मध्ये निष्कर्ष आला की ज्यांचे नातेसंबंध तुटपुंजे, त्यांच्यात मृत्यूचं प्रमाण दुपटीहून जास्त. धूम्रपानासारख्या सवयी हिशेबात धरूनही. २०१० मध्ये १४८ अभ्यास एकत्र करून पाहिले तेव्हाही कल तोच दिसला. नोव्हेंबर २०२३ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने या विषयावर आयोग नेमला.

पण एकटेपणामुळे माणूस आजारी पडतो की आजारामुळे एकटा पडतो, हा गुंता पुरता सुटलेला नाही. तो सोडवण्यासाठी कुणाला वर्षानुवर्षं मुद्दाम एकटं ठेवता येत नाही, त्यामुळे संशोधकांची बरीचशी भिस्त अशा दीर्घ निरीक्षणांवर आहे.