हुंडाबळीच्या केसमध्ये आरोपी निर्दोष सुटले तर अपील कसं करायचं (इंदूरच्या माहेरच्या मंडळींसाठी)

सेशन कोर्टाचा निकाल लागतो, नवरा-सासू-सासरे सगळे निर्दोष सुटतात आणि कोर्टाच्या बाहेरच कोणीतरी मुलीच्या वडिलांना सांगतं की काका, आता सरकार अपील करेल, तुम्ही घरी जा. लोक खरंच घरी जाऊन बसतात आणि तिथेच घात होतो. सरकार अपील करू शकतं, पण करेलच असं नाही. आणि मुख्य म्हणजे आईवडिलांना स्वतःचा, सरकारपासून वेगळा असा अपीलाचा हक्क आहे.

आधी सरकारचा रस्ता. सरकारी वकील आपलं मत देतात, कागद कलेक्टरकडून भोपाळला विधी विभागात जातात, मंजुरी आली तर अपील दाखल होतं आणि त्यालाही हायकोर्टाची परवानगी लागते. मुदत ९० दिवस. तुम्ही सरकारी वकील आणि कलेक्टर दोघांना लेखी अर्ज द्या, पावती घ्या, पण त्याच्या भरवशावर राहू नका.

तुमचा हक्क २००९ पासून लागू झालेल्या दुरुस्तीमुळे आला, सीआरपीसीचं (जुनी फौजदारी प्रक्रिया संहिता) कलम ३७२, आता नव्या नागरिक सुरक्षा संहितेत कलम ४१३. आरोपी सुटला तर अपील, कमी गुन्ह्यात शिक्षा झाली तरी अपील, भरपाई कमी मिळाली तरी अपील. मधलं नीट लक्षात ठेवा, म्हणजे ४९८-अ (सासरचा छळ) मध्ये शिक्षा दिली आणि ३०४-ब (हुंडाबळी) मधून सोडलं तर "शिक्षा तर झाली ना" म्हणून गप्प बसायचं कारण नाही, त्यावरही अपील होतं. फक्त शिक्षेची वर्षं कमी वाटतात एवढ्यावरून मात्र घरच्यांना अपील करता येत नाही, ते सरकारनेच करायचं, असं सुप्रीम कोर्टाने २०२० मध्ये सांगितलंय. आणि घरच्यांच्या अपीलाला आधी परवानगी लागत नाही, हे २०१८ च्या मल्लिकार्जुन कोडगली निकालात स्पष्ट झालंय.

अपील कुठे करायचं यात इंदूरच्या मराठी घरांचा हमखास गोंधळ होतो, कारण मुली पुण्या-नाशिकला दिलेल्या असतात. माहेर कुठे ते बघत नाहीत, केस कुठल्या सेशन कोर्टात चालली ते बघतात. इंदूर, देवास, उज्जैन, धारची केस असेल तर एमजी रोडवरच्या हायकोर्ट खंडपीठात, ग्वाल्हेरची असेल तर तिथल्या खंडपीठात, पुण्याची असेल तर मुंबई हायकोर्टात. कोल्हापूर, सांगली, साताऱ्याची केस आता ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जाते.

मुदतीचं सांगायचं तर घरच्यांच्या अपीलासाठी कायद्यात वेगळे दिवस लिहिलेलेच नाहीत, म्हणून सरकारचे ९० दिवस आपलेही असं धरून चालू नका, ६० दिवसांच्या आत दाखल करा. निकालाच्या दिवशीच निकालाच्या नकलेचा अर्ज टाका, नक्कल मिळायला लागलेले दिवस मुदतीतून वजा होतात. उशीर झालाच तर कारण सांगणारा वेगळा अर्ज आणि शपथपत्र जोडावं लागतं. कारण खरं हवं आणि त्याचा कागद हवा, दवाखान्याची फाइल वगैरे.

कागद म्हणजे निकालाची प्रमाणित प्रत, साक्षीदारांचे बयान, एफआयआर, मर्गचे (अपमृत्यूच्या पोलीस चौकशीचे) कागद, पीएम (पोस्टमॉर्टेम) रिपोर्ट, मरणपूर्व बयान असेल तर ते, लग्नाची पत्रिका किंवा सर्टिफिकेट, मृत्यूचा दाखला, वकीलनामा आणि तुमचं मुलीशी नातं दाखवणारं काहीतरी, तिची मार्कशीट किंवा जन्माचा दाखला चालतो. मूळ रेकॉर्ड हायकोर्ट खालच्या कोर्टातून मागवून घेतं, पण वकिलाला वाचायला पूर्ण सेट तुमच्याकडे पाहिजेच.

आता अपीलाचा खरा जीव. खालच्या कोर्टाने सोडलेल्या माणसाला हायकोर्ट सहज दोषी धरत नाही. पुराव्यावरून दोन्ही मतं होऊ शकत असतील तर सुटका कायम राहते. म्हणून "आमच्या मुलीवर अन्याय झाला" एवढं लिहून भागत नाही, कितव्या साक्षीदाराने कुठल्या परिच्छेदात काय सांगितलं आणि जजसाहेबांनी ते का धरलं नाही हे दाखवावं लागतं. बऱ्याच केसेस अडतात त्या "मृत्यूच्या थोडं आधी छळ झाला" या मुद्द्यावर. २०२१ च्या सतबीर सिंग निकालात सुप्रीम कोर्ट म्हणालं की याचा अर्थ अगदी लगेच आधी असा नाही, छळ आणि मृत्यू यांचा जिवंत संबंध दिसला पाहिजे. जानेवारी २०२२ मध्ये तर आपल्याच मध्य प्रदेश सरकारने नेलेल्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने घर बांधायला मागितलेले पैसेही हुंडाच धरले. हायकोर्टाने ३०४-ब मधून सोडलेल्या आरोपींची शिक्षा तिथे परत लागली. तुमच्या निकालात "हे पैसे हुंडा नाहीत" असं लिहिलं असेल तर हे वकिलाला आवर्जून दाखवा. लग्नाला ७ वर्षं झाली नव्हती, मृत्यू नैसर्गिक नव्हता आणि मृत्यूच्या थोडं आधी हुंड्यासाठी छळ झाला, एवढं सिद्ध झालं की कायदा आरोपीविरुद्ध गृहीतक धरतो आणि ते खोडायची जबाबदारी त्याच्यावर येते.

वकिलाच्या फीची चिंता असेल तर अर्ज आईच्या नावाने करा. विधी सेवा कायद्यात बाईला उत्पन्न न बघता फुकट वकील मिळतो. हायकोर्टातल्या विधी सेवा समितीकडे जा किंवा १५१०० वर फोन करा.

कोणी अपीलाऐवजी रिव्हिजन (निकाल तपासून बघायचा अर्ज) टाकू म्हणालं तर नको म्हणा, रिव्हिजनमध्ये हायकोर्ट सुटलेल्याला थेट दोषी ठरवूच शकत नाही. अपील दाखल करून घेतल्यावर आरोपींना नोटीस किंवा वॉरंट जातं. सुटताना त्यांच्याकडून वरच्या कोर्टात हजर राहायचा ६ महिन्यांचा बाँड घेतात, म्हणून तेवढ्या काळात अपील गेलं तर त्यांना शोधत फिरायची वेळ कमी येते.